रस्त्याकडे बघणारा माणूस

आऱ्हूस, ३ फेब्रुवारी २०१९

बाबा,

येपे म्हणतो, माझी पत्रं तुम्ही शेगडीजवळच्या टोपलीत जुन्या वर्तमानपत्रांवर टाकता. जाळत नाही, फाडत नाही, नुसती टाकता. भाऊ म्हणून त्यानं ते हळूच सांगितलं, पण मला हसूच आलं. भांडायचं असेल तर समोरच्याला आधी भांडणाच्या लायकीचं समजावं लागतं. तेवढाही मान तुम्ही मला कधी दिला नाहीत. असो. टोपलीत तर टोपलीत, मी लिहिते.

कारण असं आहे. ‘क्लिटव्हाडची माणसं’ हा आपला माहितीपट दाखवला त्याला या मार्चमध्ये पंचवीस वर्षं होतील. मेरेटे तो नव्यानं साफसूफ करून पुन्हा दाखवणार आहे. मेरेटे आठवते ना? जिनं तो केला, जी चार महिने आपल्या माडीवर राहिली आणि जिला तुमच्या हातची मासळी फार आवडायची. परवा फोनवर म्हणाली, "सिसेल, आपल्या फिल्मचं सिल्व्हर लग्न आहे बघ!" आणि स्वतःच्याच विनोदावर हसली. मी नाही हसले. आपल्या घरात त्या शब्दावर कोणी हसत नाही हे तिला अजून कळलेलं नाही.

तर तिला दोन गोष्टी हव्यात. जून महिन्यात गावच्या हॉलमध्ये तो पुन्हा दाखवायचा आहे. आणि त्याच्या शेवटी दहा मिनिटांचा नवा भाग जोडायचा आहे. त्यात मी घरी येते, तुम्ही दार उघडता, आपण दोघं बसून तो जुना तुकडा बघतो आणि तुम्ही काय ते बोलता. तिच्या शब्दांत सांगायचं तर, ‘जे होईल ते होईल, आम्ही फक्त बघत राहू.’ यासाठी तुमची सही लागेल. कागद सोबत आहे. त्र्याण्णवमध्ये तुम्ही न वाचता सही केली होती, या वेळी वाचा.

मला हा भाग हवा आहे, खोटं कशाला बोलू. मी सेहेचाळीस वर्षांची झाले, गेली तीन वर्षं मला कोणी काम दिलेलं नाही. पण ते एकच कारण नाही. मला घरी यायचं आहे, आणि कॅमेऱ्याशिवाय तुमच्या दाराशी उभं राहायची हिंमत मला होत नाही.

येपे आणखी एक म्हणाला. तुम्ही म्हणे खिडकीजवळची खुर्ची फिरवून घेतलीय, रस्त्याकडे पाठ करून बसता. उन्हाळ्यात ते फिल्म बघितलेले लोक घरासमोर गाड्या थांबवून ‘हेच ते दार’ म्हणून बघतात, त्यांचा वैताग आला असेल. तेही माझ्याच खात्यात जमा करा.

सिसेल


आऱ्हूस, २४ फेब्रुवारी २०१९

बाबा,

उत्तर नाही. येईल असं वाटलंही नव्हतं.

एका फिल्म महोत्सववाल्यांनी मला एक पान लिहून मागितलंय, ‘पडद्यावरची सुरुवातीची वर्षं’ या विषयावर. गोड गोड लिहून देईन त्यांना. खरं काय ते तुमच्या टोपलीसाठी.

आपल्या फिल्मनंतर वर्तमानपत्रांनी मला ‘कॅमेऱ्याला न बुजणारी मुलगी’ म्हटलं. मला वाटलं, आता काय, रांग लागेल. लागली, पण माझ्या पाठीसाठी. दुसरी फिल्म समुद्रात बुडालेल्या खलाशांवर होती. त्यांच्यातल्या एकाच्या बायकोला कॅमेऱ्यासमोर यायचं नव्हतं, तर तिच्या जागी मी. पाठमोरी उभी राहून पडदा सारायचा, बस. तिसऱ्या फिल्ममध्ये नवऱ्याच्या मारापासून पळालेल्या एका बाईचा चेहरा दाखवता येत नव्हता, म्हणून खिडकीसमोर माझी पाठ आणि वरून तिचा आवाज. चौथ्या फिल्ममध्ये एका वेड लागलेल्या आजीची पाठ. मेरेटेच मला चारचौघांत ‘पाठीची नटी’ म्हणायला लागली. तिचं चुकत नव्हतं. या देशातल्या माहितीपटांत माझ्या पाठीला जेवढं काम मिळालं तेवढं माझ्या तोंडाला कधीच मिळालं नाही. आणि या पाठीच्या कामाची सुरुवात कुठं झाली ते तुम्हाला माहीत आहे. आईच्या निळ्या पोशाखात, तुमच्या शेजारी, त्या कमानीखाली.

त्या कमानीबद्दल आजपर्यंत मी कोणालाच नीट सांगितलेलं नाही. आज सांगते.

आई ईस्टरनंतर घर सोडून एस्बियाला गेली. तुमच्या लग्नाला पंचवीस वर्षं व्हायची होती ती जूनमध्ये. मेरेटेचं चित्रीकरण फेब्रुवारीपासून चालू होतं: वाळूवर ओढलेल्या बोटी, तुम्ही त्या ओढायचं यंत्र चालवताय, शेजारची थोरामावशी जाळी शिवतेय. सगळं छान, आणि सगळं मेलेलं. मेरेटे एकदा जेवताना म्हणाली, "तुमच्याकडे पंचविसाव्याला शेजारी दारावर फांद्यांची कमान बांधतात ना? सकाळी गाणी म्हणत येतात? ते मिळालं तर फिल्मला जीव येईल." मी म्हटलं, आई नाहीये. ती म्हणाली, "म्हणूनच."

तिसऱ्या दिवशी थोरामावशीकडे गेले. कणीक मळत होती.

"मावशी, बाबांना कमान हवीय."

तिनं हात थांबवले. "आन्कर म्हणाला तसं?"

"तोंडानं म्हणणारेत का ते? पण मनात आहे त्यांच्या. आई नसली म्हणून काय झालं, पंचवीस वर्षं तर झालीच की."

"किर्स्टीन नसताना कमान?" ती पुन्हा कणीक मळायला लागली. मग म्हणाली, "त्याला हवी असेल तर आम्ही कोण नाही म्हणणारे?"

आणि त्याच संध्याकाळी तुमच्याकडे. तुम्ही अंगणात बूट पुसत होता.

"बाबा, शेजारी ऐकत नाहीयेत. कमान बांधणारच म्हणतात."

"कशाला?"

"तुमच्यासाठी. आता नाही म्हटलं तर किती वाईट वाटेल त्यांना."

तुम्ही दुसरा बूटही पुसून संपवलात. मग म्हणालात, "बांधू देत."

तुम्ही थोरामावशीला विचारलं नाहीत आणि तिनं तुम्हाला विचारलं नाही. मला पक्कं माहीत होतं की विचारणार नाही. आपल्या गावात दुसऱ्याच्या मनाला लागेल असा प्रश्न कोणी विचारत नाही, मग भले सगळं गाव मिळून एका खोट्या कमानीला फांद्या का बांधेना. मी त्या गावात वाढले, त्याचा हा असा उपयोग केला. मेरेटेला हे सुचलं नसतं, ती कोपनहेगनची.

सिसेल


आऱ्हूस, १७ मार्च २०१९

बाबा,

आज बरोब्बर पंचवीस वर्षं झाली. हॉलमधल्या खुर्च्या आठवतात, त्या सरकवताना होणारा आवाजही आठवतो. पण त्याच्याआधी कमानीची सकाळ सांगते.

लग्नाच्या वाढदिवशी सकाळी सहा वाजता स्वयंपाकघरात तुम्ही आरशासमोर टाय बांधत होता. शेजारी सातला यायचे होते. वीस-पंचवीस माणसांना पुरतील एवढे पाव तुम्ही आदल्या दिवशीच आणून ठेवले होते, कडू दारूची बाटली काढून ठेवली होती. मी आईचा निळा पोशाख घालून खाली आले. तुम्ही आरशातूनच मला बघितलंत. आणि म्हणालात, "किर्स्टीन येणार आहे का?"

बाबा, टेबलावर कॅमेरा होता. मेरेटे अंगणात होती, पण कॅमेरा टेबलावर होता आणि त्याचा लाल दिवा लागलेला होता. तो मला दिसला. ‘नाही’ म्हणायला किती वेळ लागतो? मी म्हटलं, "बघू या."

मग ते सगळे आले. झेंडा चढवला, बाजावाल्या दोघांनी वाजवलं, सगळ्यांनी गाणं म्हटलं. वर चांदीच्या कागदाचा पंचविसाचा आकडा, खाली तुम्ही, तुमच्या शेजारी आईच्या जागी पाठमोरी मी. गाणं संपल्यावर मी पोशाख बदलायला आणि कॉफी करायला आत गेले. आणि मी आत असताना मेरेटेला तो तुकडा मिळाला: तुम्ही एकटे कमानीखाली उभे आहात, हात मोकळे, आणि रस्त्याकडे बघताय. बघतच राहिला आहात. चाळीस सेकंद. रस्त्यावर कोणी नाही.

पोस्टरवर तेच आहे. परीक्षकांनी लिहिलं ते त्याच चाळीस सेकंदांवर. कोपनहेगनच्या थिएटरात त्या वेळी कोणीतरी हसलं होतं आणि कोणीतरी रडलं होतं. मी दोघांच्या मधे बसले होते.

हॉलमधल्या खेळानंतर थिस्टेडहून आलेल्या वार्ताहरानं मला विचारलं, "तुमचे वडील खरोखरच तिची वाट बघत होते?" तुम्ही दुसऱ्या रांगेत होता. सगळं गाव होतं. मी माईक घेतला. मी एकवीस वर्षांची होते, अंगावर नवं जाकीट होतं. मी म्हटलं, "हो. बाबांना वाटत होतं आई येईल. मीच त्यांना तसं वाटू दिलं." कसं म्हटलं माहीत आहे? आवाज जरा कापवून. आरशासमोर करून बघितलं होतं.

थोरामावशी हातातल्या कपात बघत होती. तिचा नवरा आयविन छताकडे. मला वाटलं, गाव हेलावलं. तुम्ही उठलात, खुर्ची सरकली, टोपी घेतलीत आणि निघून गेलात. मी घरी पोचले तर माझी बॅग दारात. तेव्हापासून आजपर्यंत एक शब्द नाही.

भर हॉलमध्ये मी तुम्हाला केविलवाणं करून ठेवलं. हे मला कळतं. पंचवीस वर्षं कळतंय. मला त्याची लाज वाटते, आणि त्याच चाळीस सेकंदांवर मी पोट भरलं याची जास्त वाटते.

आईला मी एकदाच विचारलं होतं, एस्बियाच्या इस्पितळात, ती वारली त्याच्या आदल्या वर्षी. फिल्म बघितलीस का? म्हणाली, "बघितली की. तो रस्त्याकडे बघतो ते बघून मला हसू आलं." मी चिडले. मी म्हटलं, तुला काही वाटत नाही? तर म्हणाली, "अगं, ती आन्करची वाट बघायची तऱ्हाच नव्हे. तो खरी वाट बघत असला की पाठ करून बसतो. मी बाजारातून यायला उशीर केला की मला खिडकीतून त्याची पाठ दिसायची." औषधांनी तिची बुद्धी फिरलीय असं मी धरून चालले. तिला बरी सवय होती स्वतःचं मन हलकं करायची.

सिसेल


आऱ्हूस, ८ एप्रिल २०१९

बाबा,

मेरेटेकडून जुन्या चित्रीकरणाच्या प्रती आल्या. न कापलेल्या, सगळ्याच्या सगळ्या. नव्या भागासाठी मी त्यातून काही निवडावं असं तिचं म्हणणं. पंचवीस वर्षांत मी ते कधी बघितलं नव्हतं. जे पडद्यावर आलं तेच घडलं, असं मीही धरून चालले होते. बघणारे धरतात तसंच. मी तर त्यात काम केलेलं होतं.

सोळाव्या फितीत कमान आहे. गाणं संपतं, मी पाठमोरी आत जाते, दार लागतं. मग चित्र थांबतं आणि पुन्हा सुरू होतं. भिंगासमोर दोन हात येतात आणि टाळी वाजवतात. आवाज आणि चित्र नंतर जुळवायला तशी टाळी लागते. हात थोरामावशीचे आहेत, पिठाचे. तिचा आवाज येतो, "अशीच ना गं? की जोरात?"

मग मेरेटे: "आन्कर, आता जरा रस्त्याकडे बघा. कोणी येणार असल्यासारखं."

"कोण?"

"कोणीही."

तुम्ही कमानीखाली उभे. तुम्ही दाराकडे बघता, ज्याच्या आत मी कॉफी करतेय. आवाज खाली आणून विचारता, "यानं सिसेलचं काम होईल?"

"होईल. फार होईल."

तुम्ही रस्त्याकडे बघता. चार सेकंद. मागून आयविन ओरडतो, "अरे, बस चुकल्यासारखा काय बघतोस!" आणि सगळे हसतात. बाटल्या वाजतात. सगळं गाव कॅमेऱ्याच्या मागे उभं आहे, बाबा. पुन्हा टाळी. मेरेटे म्हणते, "जरा जास्त वेळ. आणि हात खिशातून काढा." दुसऱ्यांदा तुम्हाला शिंक येते. तिसरी टाळी. मागे कोणीतरी "श्श" म्हणतं. आणि मग तुम्ही ते करता. चाळीस सेकंद. मी आजवर इतक्या लोकांबरोबर काम केलं, असं करताना मी कोणाला बघितलेलं नाही.

संपल्यावर तुम्ही कॅमेऱ्याकडे वळून विचारता, "बरं झालं का? पुन्हा करू?"

मी ती फीत सहा वेळा बघितली. मग स्वयंपाकघरात जाऊन उभी राहिले, काय करायचं ते सुचेना.

तुम्ही वाट बघत नव्हता. तुम्ही माझं काम करत होता. आणि ते साऱ्या क्लिटव्हाडला माहीत होतं, कारण टाळ्या त्यांनीच वाजवल्या होत्या. हॉलमध्ये मी माईक घेऊन, आवाज कापवून, ‘बाबांना वाटत होतं आई येईल’ म्हणाले तेव्हा समोर बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं की ही पोरगी काय बरळतेय. आणि एकानंही मला थांबवलं नाही. माझ्या मनाला लागेल म्हणून! थोरामावशी कपात बघत बसली, आयविन छताकडे बघत बसला, आणि मी समजले गाव हेलावलं. पंचवीस वर्षं मी तुम्हाला केविलवाणं केल्याचं दुःख उगाळत बसले, मुलाखतींत उगाळलं, दोन-तीन माणसांना रडवलंही त्यावर. कोण केविलवाणं होतं ते गावाला माहीत होतं.

मेरेटेला फोन केला. विचारलं, तू मला का नाही सांगितलंस? म्हणाली, "मला वाटलं तुला माहीत आहे. आणि मग तू मुलाखतींत इतकं छान सांगायला लागलीस की..." मी फोन ठेवला.

नवा भाग होणार नाही. तिला तसं लिहून कळवलंय. ती मला भित्री म्हणाली. तुमची सही नको. फेब्रुवारीत पाठवलेला कागद शेगडीत घाला.

पण जूनमधला खेळ ठरलेला आहे, आणि मी हॉलमध्ये उभी राहून सगळं खरं सांगणार आहे. तेवढं तरी मला करू द्या.

सिसेल


आऱ्हूस, ६ मे २०१९

बाबा,

परवाच भेटलो आणि आज पत्र, म्हणून हसाल. समोर बसून सगळं बोलता येत असतं तर मी पाठीची नटी कशाला झाले असते.

तुमचं कार्ड आलं त्या दिवशी मी ते दारातच उभं राहून वाचलं. पंचवीस वर्षांनी चार ओळी. ‘हॉलमध्ये काही बोलू नकोस. त्यांना माहीत आहे. शनिवारी तीनला कॉफी असते. आ.’ तुमचं पूर्ण नाव लिहायलाही तुम्हाला जड गेलं. मी ते कार्ड पर्समध्ये घालून अडीच तास गाडी चालवत आले.

तुम्ही दार उघडलंत आणि माझ्या खांद्यावरून मागे बघितलंत. "एकटीच?"

"एकटीच."

"मग बूट काढ, जमीन पुसलीय."

माझी पत्रं खिडकीच्या फळीवर होती. सगळी चाकूनं नीट कापून उघडलेली, तारखेप्रमाणे लावलेली. एकोणीसशे चौऱ्याण्णवपासूनची. येपेला टोपली दिसली, टोपलीतून ती पुढे कुठे जातात ते दिसलं नाही. तुम्ही त्याबद्दल काही बोलला नाहीत, मीही विचारलं नाही. मी त्याच गावची.

कॉफी ओतताना तुम्ही म्हणालात, "तिसऱ्या वेळी बरं जमलं होतं."

"फार छान जमलं होतं, बाबा."

"शिंक आली नसती तर दुसऱ्यांदाच झालं असतं." मग तुम्ही केक कापलात. दोन तुकडे, सारखे. "आणि स्वयंपाकघरात विचारलं होतं ते तुझ्यासाठी. ती आली असती, तर त्या निळ्या कपड्यांत तुला कुठं लपवलं असतं?"

मी म्हटलं, "मी तुम्हाला सगळ्यांसमोर बापुडवाणं केलं म्हणून तुम्ही माझ्याशी बोलला नाहीत. मला इतकी वर्षं तसं वाटायचं."

तुम्ही बराच वेळ कपात चमचा फिरवत राहिलात. साखर तुम्ही घेत नाही. "हसू देत की लोकांना. मी पोरीसाठी केलं होतं. पण फिल्म लागली तसा एस्बियाहून किर्स्टीनचा फोन आला. म्हणाली, आन्कर, काय नाटकी बघतोस रे! तिनं ओळखलं. मला सोडून गेलेल्या बाईनं ओळखलं. आणि तू माझ्या घरात एकवीस वर्षं जेवलीस, तू माईक घेऊन ‘ते खरं होतं’ म्हणालीस." चमचा बशीत ठेवलात. "मला राग नव्हता आला, सिसेल. मला वाटलं, हिला मी कोण तेच माहीत नाही. मग बोलायचं कोणाशी?"

माफी मागितली ती मागायची म्हणून मागितली, तुम्ही मान हलवलीत ती हलवायची म्हणून. माफ केलंत असं मला वाटलं नाही आणि तसं मी धरूनही चालणार नाही. जूनमध्ये हॉलमध्ये मी मागच्या रांगेत बसेन, तोंडातून अवाक्षर काढणार नाही. तुम्ही आलात तर शेजारची खुर्ची धरून ठेवीन. निघताना तुम्ही "रस्ता निसरडा आहे" म्हणालात. नव्हता, कोरडा ठणठणीत होता.

एक गोष्ट तेव्हा सांगितली नाही. मी तीनला आले नव्हते. अडीचलाच पोचले होते. थोरामावशीच्या कुंपणापाशी गाडी लावून बसून राहिले. मावशी बाहेर आली, किती थकलीय ती. काचेवर टकटक केलं आणि म्हणाली, "जा की गं. सकाळी दहापासून बसलाय तो तसा."

"कसा?"

"तसाच. शनिवारी असतोच, आज जरा लवकर बसला." आणि तिनं तुमच्या खिडकीकडे बोट केलं.

खिडकीत तुमची पाठ होती, बाबा. इस्त्री केलेला शर्ट, मानेवर नुकतेच कापलेले केस. खुर्ची रस्त्याकडे पाठ करून. मी येईपर्यंत, अर्धा तास, तुम्ही एकदाही वळला नाहीत.

मी आयुष्यभर पाठीचंच काम केलं. आणि येपेनं फोनवर सांगितलं होतं की तुम्ही खुर्ची फिरवलीय. मी त्याला विचारलंही नाही की कधीपासून. आता विचारलं. म्हणाला, चौऱ्याण्णवच्या मार्चपासून.

सिसेल